बुद्धिबळाचे पुस्तक आणि संगणकाचा पट

दिवाळीची किंवा उन्हाळ्याची सुट्टी संपवून मुलांना शाळेत पोहोचवायला येणारे पालक अलीकडे दोन प्रश्न आवर्जून विचारतात. पहिला असा : मुलगा घरी असताना तासन्‌तास मोबाईलवर बुद्धिबळ खेळतो, हे चांगले म्हणावे की वाईट? दुसरा प्रश्न त्याहून खोल आहे. चाकणच्या कारखान्यात यंत्रमानवाच्या शेजारी उभे राहून पाळी करणारा पालक तो विचारतो, म्हणून त्याला वजन आहे : जगज्जेत्यालाही संगणक हरवतो, तर हा खेळ शिकून आमच्या मुलांनी काय मिळवायचे?

शाळेच्या या स्मरणिकेच्या निमित्ताने या दोन्ही प्रश्नांचा जरा सविस्तर विचार करावा, असे आम्हांस वाटले. प्रश्न वरवर एका खेळापुरता दिसतो. परंतु गणिताची वही, निबंध, स्पर्धा परीक्षेचा अभ्यास या सर्वांनाच तो आता लागू झाला आहे. उत्तर देणारे यंत्र खिशात असताना विचार करण्याची सवय मुलांच्या अंगी कशी बाणवावी, हा खरा प्रश्न आहे. बुद्धिबळाच्या पटावर तो सर्वांत आधी उभा राहिला, म्हणून तेथील अनुभव आपल्या उपयोगाचा आहे.

सुत्तातील अष्टपद

या विषयाला हात घालण्यापूर्वी एका शंकेचे निरसन करणे आवश्यक आहे. पाली वाङ्मयाशी परिचित असलेले काही उपासक विचारतात की, तथागतांनी ज्या खेळांचा निषेध केला त्यांतच पटावरचे खेळ येतात, मग आपल्या शाळेत बुद्धिबळ कसे?

शंका निराधार नाही. दीघनिकायातील पहिलेच सुत्त ब्रह्मजालसुत्त होय. त्याच्या शीलविषयक भागात, श्रमण गोतम कोणकोणत्या खेळांपासून अलिप्त राहतात याची यादी आली आहे. तिच्या आरंभीच ‘अट्ठपद’ आणि ‘दसपद’ हे शब्द आहेत. अट्ठपद म्हणजे आठ आडव्या व आठ उभ्या ओळींचा, चौसष्ट घरांचा पट. दसपद म्हणजे शंभर घरांचा. त्यापुढील शब्द ‘आकास’ असा आहे. पट समोर न मांडता तो मनातल्या मनात कल्पून खेळणे, असा त्याचा अर्थ अट्ठकथेत दिला आहे. आज ज्याला आपण डोळे बांधून खेळलेला डाव म्हणतो, त्याच्याशी मिळताजुळता प्रकार भगवंतांच्या काळी परिचित होता, हे वाचून विद्यार्थ्यांना मौज वाटते.

येथे दोन गोष्टी ध्यानात घ्याव्यात. पहिली गोष्ट इतिहासाची. त्या काळी अष्टपदावर खेळले जाणारे खेळ हे मुख्यतः फासे टाकून सोंगट्या पुढे नेण्याचे होते, असे अभ्यासक मानतात. राजा, हत्ती, घोडे, प्यादी असलेले चतुरंग त्याच चौसष्ट घरांच्या पटावर पुष्कळ नंतर अवतरले; सातव्या शतकातील बाणभट्टाच्या हर्षचरितात अष्टपद आणि चतुरंग यांचा एकत्र उल्लेख सापडतो. दुसरी गोष्ट अर्थाची. सुत्तात या खेळांना जुगाराचे आणि प्रमादाचे ठिकाण म्हटले आहे आणि ते गृहत्याग केलेल्या भिक्खूंच्या शीलाच्या संदर्भात. गृहस्थांसाठी सांगितलेल्या सिगालोवादसुत्तात जुगाराचे सहा दुष्परिणाम मोजले आहेत : जिंकणाऱ्याच्या वाट्याला वैर येते, हरणारा गेलेल्या धनासाठी झुरतो, सभेत त्याच्या शब्दाला किंमत राहत नाही, इत्यादी. दोन्ही ठिकाणी बोट ठेवले आहे ते प्रमादावर, म्हणजे भान सुटण्यावर.

याच्या उलट अप्रमाद. धम्मपदातील दुसरा वग्ग याच नावाचा आहे आणि महापरिनिब्बानसुत्तात भगवंतांचा अखेरचा उपदेशही अप्रमादपूर्वक प्रयत्न करण्याचाच आहे. तेव्हा पालकांच्या पहिल्या प्रश्नाला लावण्याची कसोटी आपल्याला आयतीच मिळते. मुलगा पटावर खेळतो की पडद्यावर, हे गौण. त्या खेळाने त्याचे भान वाढते की सुटते, हे पाहावे.

महाराष्ट्रातील पट आणि पोथी

बुद्धिबळ आणि ग्रंथ यांचे नाते आपल्या प्रदेशात जुने आहे. कल्याणीचा चालुक्य राजा सोमेश्वर तिसरा याने बाराव्या शतकात रचलेल्या मानसोल्लास या संस्कृत ग्रंथात राजाच्या विनोदांमध्ये या खेळाचे वर्णन आहे. पुढे १८१४ साली तिरुवेंगडाचार्य शास्त्री यांच्या विलासमणिमंजरी या संस्कृत ग्रंथावरून तयार केलेले इंग्रजी पुस्तक मुंबईत छापले गेले. त्यात मुख्यतः डावातील अडचणीच्या स्थिती दिलेल्या होत्या आणि त्या युरोपीय पद्धतीच्या खेळाला जुळवून घेतलेल्या होत्या. म्हणजे दोनशे वर्षांपूर्वी मुंबईत छापलेल्या त्या पुस्तकाची रीतही ‘ही स्थिती पाहा आणि मार्ग शोधा’ अशीच होती.

आपल्याकडील देशी पद्धतीत प्यादे पहिल्या खेळीतही एकच घर चाले, राजाला एकदा घोड्याची उडी घेता येई आणि शेवटच्या घरात पोहोचलेले प्यादे ज्या मोहऱ्याच्या ओळीत पोहोचे तोच मोहरा होई. आंतरराष्ट्रीय नियम येथे रुजू लागले तेव्हा खेळाडूंना जणू नवी भाषा शिकावी लागली. सांगलीत भाऊसाहेब पडसलगीकर यांनी नूतन बुद्धिबळ मंडळाच्या द्वारे अनेक दशके स्पर्धा भरवून हे काम निष्ठेने केले. १९५५ साली आंध्रातील एलुरू येथे झालेल्या पहिल्या राष्ट्रीय अजिंक्यपद स्पर्धेत रामचंद्र सप्रे हे डी. वेंकय्या यांच्यासह संयुक्त विजेते ठरले.

त्यानंतरच्या काळात जयश्री, वासंती आणि रोहिणी या खाडिलकर भगिनींनी महाराष्ट्राचे नाव गाजवले. रोहिणी खाडिलकर १९७६ साली पुरुषांच्या राष्ट्रीय स्पर्धेत उतरल्या तेव्हा त्याविरुद्ध गदारोळ झाला. प्रकरण जागतिक संघटनेचे तत्कालीन अध्यक्ष मॅक्स युवे यांच्यापर्यंत गेले आणि स्त्रियांना अशा स्पर्धांतून वगळता येणार नाही, असा निर्णय झाला. हा प्रसंग आम्ही विद्यार्थिनींना मुद्दाम सांगतो. पटावर बसल्यावर समोरच्याचे कूळ, लिंग वा गाव विचारले जात नाही; परंतु पटापर्यंत पोहोचण्याचा हक्क मात्र कोणाला तरी भांडून मिळवावा लागतो.

अगदी अलीकडचा इतिहास पालकांना ठाऊक आहेच. प्रवीण ठिपसे हे १९९७ साली ग्रँडमास्टर झाले. तो किताब मिळवणारे ते तिसरे भारतीय. आपल्या पुण्याचे अभिजित कुंटे २००० साली ग्रँडमास्टर झाले आणि २०२४ साली बुडापेस्टच्या ऑलिम्पियाडमध्ये सुवर्णपदक जिंकणाऱ्या भारतीय महिला संघाचे ते कर्णधार होते. त्या संघात नागपूरची दिव्या देशमुख होती. सुवर्णविजेत्या खुल्या संघात नाशिकचा विदित गुजराथी होता. जुलै २०२५ मध्ये जॉर्जियातील बाटुमी येथे दिव्याने महिला विश्वचषक जिंकला आणि ग्रँडमास्टर किताबही मिळवला. तेव्हा ती एकोणीस वर्षांची होती. या पिढीतील प्रत्येक खेळाडू संगणकासह वाढला आहे. म्हणून संगणक दूर ठेवा, असा सोपा उपदेश आम्ही करणार नाही.

यंत्र खेळते कसे

यंत्राविषयी भीती वा भक्ती वाटण्याचे कारण बहुधा ते कसे चालते हे ठाऊक नसणे, हे असते. १७७० साली व्हिएन्ना येथे केम्पेलेन नावाच्या गृहस्थाने बुद्धिबळ खेळणारा एक यांत्रिक पुतळा दरबारात दाखवला. तो वर्षानुवर्षे युरोपभर गाजला. त्याच्या पेटीत एक कुशल खेळाडू दडून बसत असे, हे गुपित होते. विचार करणारे यंत्र पाहण्याची माणसाची हौस किती जुनी आहे, ते यावरून दिसते.

खऱ्या यंत्राचा पाया १९५० साली क्लॉड शॅनन या अमेरिकन शास्त्रज्ञाच्या निबंधाने घातला. पांढऱ्याला पहिल्या खेळीचे २० पर्याय असतात, काळ्यालाही २०. म्हणजे दोघांची एकेक खेळी होताच ४०० शक्यता निर्माण होतात. पुढे हा वृक्ष इतका फोफावतो की, संभाव्य डावांची संख्या एकावर एकशेवीस शून्ये एवढी असावी, असा शॅननने अंदाज केला. सगळ्या फांद्या पाहणे अशक्य. म्हणून यंत्राला दोन गोष्टी शिकवाव्या लागतात. पहिली, स्थितीला गुण देणे : प्यादे १, घोडा व उंट ३, हत्ती ५, वजीर ९ हा हिशेब आपली मुलेही वापरतात. दुसरी, ‘मी हे खेळलो तर समोरचा स्वतःच्या दृष्टीने सर्वांत चांगले काय खेळेल’ हे दर पावलाला मोजत जाणे आणि निरुपयोगी फांद्या लवकर छाटणे.

इंग्लंडमधील ॲलन ट्युरिंगने असा कार्यक्रम आधीच लिहिला होता. परंतु तो चालवू शकेल असे यंत्र त्याच्याजवळ नव्हते. १९५२ साली त्याने कागदावर स्वतःच आकडेमोड करून, म्हणजे स्वतःच यंत्र बनून, एक डाव खेळला. तेथून पंचेचाळीस वर्षांत आयबीएमच्या डीप ब्लू या संगणकाची मजल सेकंदाला सुमारे २० कोटी स्थिती तपासण्यापर्यंत गेली. फेब्रुवारी १९९६ मध्ये गॅरी कास्पारोव्हने त्याला ४–२ असे हरवले; मे १९९७ मध्ये न्यूयॉर्क येथे यंत्राने ३½–२½ अशी बाजी मारली.

इतर पटांवरही हेच घडले. ड्राफ्ट्‌स या सोंगट्यांच्या खेळाचा कॅनडातील जोनाथन शेफर आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी जवळजवळ अठरा वर्षे पाठपुरावा केला आणि दोन्ही बाजू अचूक खेळल्या तर डाव बरोबरीतच सुटतो, हे २००७ साली सिद्ध केले. गो या पूर्व आशियातील खेळात २०१६ साली अल्फागोने ली सेडोल या कोरियन खेळाडूला ४–१ असे हरवले. २०१७ साली अल्फाझीरो या कार्यक्रमाला बुद्धिबळाचे केवळ नियम सांगण्यात आले. स्वतःशीच असंख्य डाव खेळून तो इतका तरबेज झाला की, स्टॉकफिश या तेव्हाच्या बलाढ्य कार्यक्रमाविरुद्ध शंभर डावांत त्याने २८ जिंकले, ७२ बरोबरीत सोडवले आणि एकही गमावला नाही.

पालकांचा दुसरा प्रश्न येथेच उभा राहतो. त्याचे उत्तर एका छोट्या पाठातून देऊ.

एक पाठ : तीन मोहऱ्यांचा डाव

वाचकांनी पट समोर घ्यावा. उभ्या ओळींना ए ते एच अशी अक्षरे आणि आडव्या ओळींना पांढऱ्याच्या बाजूने १ ते ८ असे अंक असतात. पांढरा राजा डी६ वर, पांढरे प्यादे ई६ वर आणि काळा राजा ई८ वर ठेवावा. बाकी पट रिकामा.

खेळी पांढऱ्याची असेल तर प्यादे ई७ वर सरकते. काळ्या राजाला एफ७ हे एकच घर उरते. तो तेथे गेला की पांढरा राजा डी७ वर येतो आणि पुढच्या खेळीत प्यादे वजीर होते. पांढरा जिंकला.

आता तीच स्थिती, पण खेळी काळ्याची. काळा राजा डी८ वर जातो. प्यादे ई७ वर शह देत पोहोचते. काळा राजा परत ई८ वर, प्याद्याच्या अगदी पुढ्यात उभा राहतो. पांढऱ्याला प्यादे राखायचे तर राजा ई६ वर आणावा लागतो आणि तसे करताच काळ्याला शह नाही, पण हलायला एकही घर नाही. डाव बरोबरीत. प्यादे राखले नाही तर ते मारले जाते, तेव्हाही बरोबरीच.

मोबाईलवरील कार्यक्रमाला ही स्थिती दाखवली तर पहिल्या वेळी तो ‘पांढरा जिंकतो’ असे आणि दुसऱ्या वेळी ‘शून्य’ असे क्षणार्धात सांगेल. उत्तर अचूक आहे. परंतु मोहरे एकाही घराने हललेले नसताना निकाल का बदलला, हे त्या शून्यात लिहिलेले नसते. जुनी पुस्तके तेच एका वाक्यात शिकवतात : अशा स्थितीत प्यादे सातव्या ओळीत शह न देता पोहोचले तर विजय, शह देत पोहोचले तर बरोबरी. हे तत्त्व एकदा उमगले की, प्यादे डी ओळीत असो वा एफ ओळीत, विद्यार्थी ते स्वतः वापरतो. क्यूबाचा जगज्जेता कापाब्लांका याने १९२१ साली प्रसिद्ध केलेल्या आपल्या पाठ्यपुस्तकाचा आरंभ अशाच मोजक्या मोहऱ्यांच्या अखेरीच्या डावांनी केला आहे. थोडे मोहरे असले की कारण स्वच्छ दिसते. कारण दिसले की ते लक्षात राहते.

आमच्या पालकवर्गाला हीच गोष्ट कारखान्याच्या भाषेत अधिक लवकर पटते. लेथवर नग तयार झाला की तो गेज लावून तपासतात. गेज नग बरोबर की चूक एवढे निःसंदिग्ध सांगते. गेजशी वाद घालता येत नाही. परंतु केवळ गेज हाती देऊन कोणी टर्नर होत नाही. त्याला ड्रॉइंग वाचता यावे लागते, धातूचा स्वभाव कळावा लागतो, हत्याराला धार लावता यावी लागते. बुद्धिबळाचा संगणक हे उत्तम गेज आहे. पुस्तक हे ड्रॉइंग आहे. आणि हात स्वतःचाच चालवावा लागतो. सीएनसी यंत्रे आल्यावर पिंपरी, भोसरी, चाकणच्या पट्ट्यात ज्यांना ड्रॉइंग वाचता येत होते ते नव्या यंत्रावर उभे राहू शकले, हे आपल्यापैकी अनेकांनी जवळून पाहिले आहे.

पुस्तकाचा आणखी एक लाभ

आमच्या बहुतेक विद्यार्थ्यांचे शिक्षण मराठीतून होते. जाड इंग्रजी पुस्तक पाहून त्यांच्या मनात धसका बसतो. बुद्धिबळाचे पुस्तक याला अपवाद ठरते. त्यातील निम्मा मजकूर खेळींच्या नोंदीचा असतो आणि ती नोंद जगभर जवळजवळ एकसारखी असते. काही पुस्तकांत तर मोहऱ्यांची चित्रेच छापलेली असतात. पट मांडून नोंदीप्रमाणे खेळत गेले की भोवतालच्या वाक्यांचा अर्थ आपोआप लागू लागतो. अमेरिकेचा बॉबी फिशर रशियन बुद्धिबळ साहित्य वाचता यावे म्हणून रशियन शिकला, असे सांगतात. आमच्या विद्यार्थ्याने इंग्रजी पुस्तकाचे पहिले पान ते शेवटचे पान असा प्रवास प्रथमच केला आणि ते पुस्तक बुद्धिबळाचे निघाले, तर तो लाभ पटापुरता राहत नाही.

अभ्यासाची रीत

या सर्व विचारातून पालक व माजी विद्यार्थ्यांपुढे आम्ही पुढील रीत ठेवतो. तिला खर्च जवळजवळ नाही.

एक : डाव खेळताना प्रत्येक खेळी वहीत लिहावी. लिहिलेला डाव तपासता येतो. न लिहिलेला डाव केवळ हारजीत म्हणून आठवतो.

दोन : डाव संपल्यावर त्याच दिवशी यंत्राला विचारू नये. प्रथम स्वतः, मग समोरच्या खेळाडूसह बसून, डाव कोठे बिघडला ते शोधावे आणि वहीत आपले मत लिहावे. यंत्राची पाळी त्यानंतर.

तीन : यंत्राचे मत वेगळे निघाले तर त्याची खेळी केवळ उतरवून घेऊ नये. तिचे कारण एका मराठी वाक्यात लिहिता आले पाहिजे. न आल्यास ती खेळी अजून आपली झालेली नाही, असे समजावे.

चार : पुस्तकातील डाव वाचताना पुढील खेळी पोस्टकार्डाने झाकावी, स्वतः अंदाज करावा आणि मग कार्ड सरकवावे.

पाच : संगणकाविरुद्ध खेळायचे तर त्याची पातळी आपल्याहून किंचित वर ठेवावी आणि अर्ध्या तासाचा एक डाव खेळावा. एका मिनिटाचे वीस डाव हा व्यायाम नव्हे. बोट हलत राहते आणि मन झोपते. सुत्तात ज्याला प्रमाद म्हटले आहे तो हाच.

सहा : माणसाशी खेळताना यंत्राची मदत चोरून घेणे म्हणजे दुसऱ्याची खेळी स्वतःची म्हणून सांगणे. पंचशीलातील चौथे शील पटावरही लागू आहे, हे मुलांना पहिल्याच दिवशी सांगावे.

रात्रपाळीहून आलेल्या पालकाला मुलासमवेत पुस्तक उघडून बसणे कठीण जाते, याची आम्हांस जाणीव आहे. त्यांच्याकडून एवढीच अपेक्षा : मुलाच्या हाती मोबाईल दिसला तर तो हिसकावून घेऊ नये आणि ‘जिंकलास का?’ असेही विचारू नये. ‘ही खेळी का केलीस?’ असे विचारावे. स्वतःला बुद्धिबळ येत नसले तरी चालेल. उत्तर देताना मुलाला जो विचार करावा लागेल, तोच त्याचा अभ्यास.

यंत्र आपल्याहून चांगले खेळते, म्हणून खेळ शिकण्याचे प्रयोजन संपले, असे म्हणणे म्हणजे क्रेन अधिक वजन उचलते म्हणून व्यायाम सोडून देण्यासारखे आहे. विद्यार्थ्याने जगज्जेता व्हावे, ही आमची अट नाही. समोर स्थिती आली असता घाई न करता ती पाहावी, समोरच्याची बाजू आपल्याइतक्याच गांभीर्याने विचारात घ्यावी, निर्णय स्वतः घ्यावा आणि त्याचा परिणाम कोणावर न ढकलता स्वीकारावा, एवढे त्याच्या अंगी आले तर पटाने आपले काम केले.

ज्या समाजाला पिढ्यान्‌पिढ्या ग्रंथाला हात लावू दिला गेला नाही, त्याच समाजातील एका महामानवाने आपल्या ग्रंथांना जागा पुरावी म्हणून दादरला राजगृह बांधले. आणि त्यांनीच २५ डिसेंबर १९५४ रोजी आपल्या शेजारच्या देहूरोडला बुद्धमूर्तीची प्रतिष्ठापना केली. त्या वारशाचे धनी असलेल्या आपल्या मुलांनी केवळ उत्तरावर समाधान मानू नये. कारण विचारावे, शोधावे आणि पडताळून घ्यावे. ज्या माजी विद्यार्थ्यांच्या घरी बुद्धिबळाची जुनी पुस्तके वा न वापरलेले पट असतील, त्यांनी ते शाळेच्या वाचनालयास द्यावेत आणि शक्य झाल्यास महिन्यातून एक रविवार येऊन मुलांसमोर बसावे. गेज आमच्याकडे पुरेशी आहेत. ड्रॉइंग वाचायला शिकवणारी माणसे हवी आहेत.